कार्ड गुहागरचे, धान्य दिव्यात: नाव न कापता घेता येते का?

पत्र: माझे वय ५४ असून गुहागर तालुक्यातील एका वाडीत मी आणि माझ्या ८१ वर्षांच्या सासूबाई अशा दोघीच राहतो. मुलगा, सून आणि सात वर्षांचा नातू ठाण्याजवळ दिव्याला असतात. केशरी रेशनकार्ड एकच आहे आणि त्यावर आमची पाचही नावे आहेत. आजवर सगळे धान्य आम्ही गावीच उचलले. मुलगा गणपतीला किंवा शिमग्याला आला की परत जाताना तांदळाचे पोते एसटीतून नेतो. दिव्यातही आपले धान्य मिळते असे त्याला कोणीतरी सांगितले म्हणून तो तिथल्या दुकानात गेला, तर ‘गावचे नाव कापून आणा’ असे उत्तर मिळाले. आमचा गावचा दुकानदार म्हणतो, ‘एकदा मुंबईला उचललेत की इथला कोटा बंद होईल.’ मी काजूच्या कारखान्यात जाते, त्यामुळे माझा अंगठा मशीनवर लागत नाही. धान्याऐवजी पैसे किंवा दुसरे सामान मिळते का? रेशनचा तांदूळ देऊन बाजारातून उकडा तांदूळ घेतला तर चालते का? रेशनच्या तांदळात प्लास्टिकचे दाणे असतात असे इथे सगळ्या म्हणतात.

उत्तर:

ताई, मुलाचे नाव गावच्या कार्डावरून कापू नका. बाकीचे सगळे सविस्तर सांगतो, पण अर्ज करायला कोणी आजच तहसीलदार कचेरीत निघाले असेल, तर त्याला आधी थांबवा.

पहिल्यांदा तुमचे कार्ड काढून त्यावरचा शिक्का पाहा. महाराष्ट्रात केशरी कार्डे दोन तऱ्हेची आहेत. ज्यावर ‘प्राधान्य कुटुंब’ असा शिक्का आहे ते कार्ड राष्ट्रीय अन्न सुरक्षा अधिनियम, २०१३ याखाली येते आणि त्यावर माणशी दरमहा ५ किलो धान्य मिळते. शिक्का नसलेल्या केशरी कार्डावर हा हक्क नाही. तुम्ही दरमहा धान्य उचलत आहात, त्याअर्थी शिक्का असणारच. पाच युनिटांचे, म्हणजे पाच माणसांचे, तुमचे महिन्याचे धान्य २५ किलो झाले. (पिवळ्या अंत्योदय कार्डाचा हिशेब निराळा आहे. तिथे घरात माणसे कितीही असोत, कुटुंबाला ३५ किलो मिळते.) अधिनियमात तांदूळ ३ रुपये, गहू २ रुपये आणि भरड धान्य १ रुपया किलो असे दर होते. १ जानेवारी २०२३ पासून हे धान्य पूर्ण मोफत झाले आणि १ जानेवारी २०२४ पासून पुढे पाच वर्षे ते मोफतच राहणार आहे. त्यामुळे तोलाई, हमाली किंवा गोणीचे म्हणून कोणी दहा-वीस रुपये मागितले, तर ते देण्याचे कारण नाही.

आता मुख्य प्रश्न. हे २५ किलो धान्य तुमच्या पाच जणांच्या नावावर आहे, वाडीतल्या दुकानाच्या नावावर नाही. पूर्वी कार्ड दुकानाला बांधलेले असे आणि ती सवय आपल्या बोलण्यातून अजून गेलेली नाही. ‘एक देश एक रेशनकार्ड’ ही व्यवस्था ऑगस्ट २०१९ मध्ये सुरू झाली, तेव्हा पहिल्या दोन जोड्यांत महाराष्ट्र आणि गुजरात ही जोडी होती. जून २०२२ पर्यंत देशातली सगळी राज्ये आणि केंद्रशासित प्रदेश तिच्यात आले. राज्याच्या आत तर कोणत्याही रास्त भाव दुकानातून धान्य घेता येते आणि त्यासाठी अर्ज, दाखला, बदली असे काहीही लागत नाही. मुलाने दिव्याच्या दुकानात रेशनकार्डाचा १२ अंकी नंबर किंवा स्वतःचा आधार नंबर सांगायचा. ई-पॉस मशीनवर, म्हणजे दुकानातल्या अंगठ्याच्या मशीनवर, पाचही नावे दिसतात, त्यातल्या आपल्या नावापुढे बोट लावायचे. मूळ कार्ड बरोबर नेण्याचीही गरज नाही, ते तुमच्या कपाटात राहू द्या.

सगळे २५ किलो एकाच वेळी, एकाच ठिकाणी उचलले पाहिजेत असेही नाही. मुलाने तिघांचे १५ किलो दिव्यात घेतले, तर उरलेले १० किलो त्याच महिन्यात तुमच्या नावावर गावी शिल्लक दिसतील. ही व्यवस्था मुळात अशाच घरांसाठी आखली गेली, ज्यांतली कमावती माणसे बाहेरगावी असतात आणि म्हातारी माणसे घर राखतात, म्हणजे आपल्या चाकरमान्यांच्या घरांसाठीच म्हणा ना! मात्र एक गोष्ट ध्यानात ठेवा. मशीनला तुमच्या घरातल्या वाटण्या कळत नाहीत. कार्डावरच्या कोणाही एकाचे बोट लागले की त्याला सगळे २५ किलो उचलता येतात, आणि मग दुसऱ्या ठिकाणी शून्य दिसते. तेव्हा दुकानात शिरताच मुलाने ‘पंधराच किलो काढा’ असे सांगावे आणि पावती हातात आल्यावर आकडा वाचूनच पिशवी उचलावी. पावतीचा फोटो त्याने तुम्हाला पाठवला, म्हणजे गावी शिल्लक किती यावर वाद उरत नाही.

दोन्ही दुकानदार असे का बोलले, हे कळले तर तुमची भीती जाईल. दुकानदाराला धान्याच्या वाटपावर क्विंटलमागे कमिशन मिळते. महाराष्ट्रात ते १५० रुपये होते, २०२५ मध्ये १७० रुपये करण्याचा निर्णय झाला. जो दुकानदार धान्य देतो, कमिशन त्याचे. १७० च्या दराने तुमच्या मुलाचे १५ किलो म्हणजे साडेपंचवीस रुपये होतात. रक्कम किरकोळ वाटते, पण वाडीतल्या पन्नास घरांनी असे केले तर दुकानदाराला ते जाणवणारच. तुमचा दुकानदार वाईट आहे असे मी म्हणत नाही. मशीनला रेंज यावी म्हणून ते पडवीच्या कठड्यावर नेऊन ठेवणारे आणि दहा जणांना उन्हात उभे राहावे लागते म्हणून स्वतःच ओशाळणारे दुकानदार मी पाहिले आहेत. पण ‘इथला कोटा बंद होईल’ हे त्याचे म्हणणे खरे नाही. बंद होण्याची शक्यता आहे ती उलट कारणाने. सहा महिने ज्या कार्डावर कुठेच धान्य उचलले गेले नाही, ते तात्पुरते निष्क्रिय करून चौकशी करण्याची तरतूद २०२५ मध्ये आली आहे. दिव्यात उचललेले धान्यही उचल म्हणूनच नोंदले जाते, त्यामुळे तुमचे कार्ड जिवंतच राहील.

दिव्याच्या दुकानदाराची अडचण वेगळी असते. त्याच्याकडे माल येतो तो मुख्यतः त्याच्या स्वतःच्या कार्डांच्या हिशेबाने. बाहेरची कार्डे आली की महिनाअखेरीस त्याच्याच नेहमीच्या गिऱ्हाइकांना माल कमी पडण्याची धास्ती त्याला असते. जादा उचल नोंदली गेली की पुढचा माल त्या मानाने मिळू शकतो, पण तोवर तोंड द्यावे लागते त्यालाच. म्हणून मुलाने महिन्याच्या शेवटच्या दोन दिवसांत न जाता माल आल्यावर लगेच जावे, आणि शक्यतो दर महिन्याला त्याच दुकानात जावे. ओळखीच्या माणसाला ‘नाव कापून आणा’ असे सहसा कोणी म्हणत नाही. तरीही नकार मिळाला, तर जवळचे दुसरे दुकान गाठावे किंवा १९६७ अथवा १८००२२४९५० या शासनाच्या निःशुल्क क्रमांकांवर तक्रार नोंदवावी. ‘एक देश एक रेशनकार्ड’साठी १४४४५ हा क्रमांकही आहे. दिव्याची तक्रार तिथल्या शिधावाटप कार्यालयात, गावची तक्रार तहसील कार्यालयाच्या पुरवठा शाखेत करावी. महिना संपला की न उचललेले धान्य सहसा पुढच्या महिन्यात मिळत नाही, तेव्हा भांडण लांबवण्यापेक्षा दुसऱ्या दुकानातून माल घेऊन मग तक्रार करावी, असे माझे मत आहे.

नाव कापण्याबद्दल मी इतका आग्रह का धरतो, ते सांगतो. नाव गावच्या कार्डावरून कमी झाले की मुलाला शहरात नवे कार्ड काढावे लागेल. नवे कार्ड मिळेल, पण त्यावर प्राधान्य कुटुंबाचा शिक्का मिळेलच असे नाही. अधिनियमाखाली महाराष्ट्रातल्या ग्रामीण लोकसंख्येपैकी ७६.३२ टक्के आणि शहरी लोकसंख्येपैकी ४५.३४ टक्के लोकांनाच धान्य मिळते आणि राज्याचा एकूण इष्टांक, म्हणजे लाभार्थ्यांची कमाल संख्या, ७ कोटी १६ हजार इतका ठरलेला आहे. शहरात कुटुंबाचे वार्षिक उत्पन्न ५९ हजार रुपयांच्या आत असावे लागते, ग्रामीण भागात ही मर्यादा ४४ हजार आहे. म्हणजे गावच्या यादीत आज जी जागा तुमच्या मुलाची आहे, ती सोडून तो शहराच्या अधिक अरुंद दारापुढे रांगेत उभा राहणार. कायमचे स्थायिक व्हायचे असेल, नातवाच्या शाळेसाठी किंवा घराच्या कागदपत्रांसाठी तिथलाच पत्ता हवा असेल, तर तो निर्णय जरूर घ्यावा, पण केवळ धान्यासाठी नव्हे. आणि गावचे नाव ठेवून शहरात गुपचूप दुसरे कार्ड काढावे असा सल्ला कोणी दिला, तर तो मुळीच ऐकू नका. एक माणूस दोन कार्डांवर असणे बेकायदा आहे आणि आधार जोडल्यापासून ते लपतही नाही.

हे सगळे चालण्यासाठी पाचही जणांचे आधार रेशनकार्डाला जोडलेले आणि ई-केवायसी, म्हणजे आधारवरून ओळखीची पडताळणी, झालेली हवी. त्यासाठी मुलाला रजा काढून गावी येण्याची आवश्यकता नाही, राज्यातल्या कोणत्याही रेशन दुकानातल्या मशीनवर ती होते, आणि चेहरा दाखवून मोबाइलवरून करण्याची सोयही आता झाली आहे. नातवाचे मात्र आधी पाहा. पाच वर्षांच्या आतल्या मुलाचे आधार काढताना बोटांचे ठसे घेत नाहीत. पाच पूर्ण झाल्यावर ठसे आणि बुबुळे देऊन आधार अद्ययावत करावे लागते. तुमचा नातू सात वर्षांचा आहे. ते राहिले असेल तर दुकानात त्याचे बोट जुळणार नाही, त्याची ई-केवायसी अडकेल आणि पुढे त्याच्या ५ किलोंवर गदा येऊ शकेल. दिव्याजवळच्या आधार केंद्रात हे काम आधी उरकून घ्यावे.

तुमच्या अंगठ्याचा प्रश्न एकट्या तुमचा नाही. काजूच्या टरफलातले तेल किती जहाल असते, हे कोकणात कोणाला सांगायला नको. राख किंवा खोबरेल लावून बसले तरी हंगामाच्या अखेरीस बोटांची साल निघते आणि पेरावरच्या रेषा पुसट होतात. मशीन त्या रेषाच शोधत असते. अंगठाच लावला पाहिजे असा नियम नाही. दहाही बोटे चालतात, त्यामुळे ज्या हाताने तुम्ही काजू धरत नाही त्या हाताची करंगळी आणि अनामिका आधी लावून पाहा. दुकानात जायच्या आदल्या दिवशी हात कोमट पाण्याने स्वच्छ धुवा, लावताना बोट कोरडे असू द्या आणि काचेवर हलकेच टेकवा. जोराने दाबले की उमटलेल्या रेषाही फासल्या जातात. एवढ्याने भागले नाही तर जिथे बुबुळे टिपणारे यंत्र आहे तिथे डोळ्यांवरून, किंवा आधारला जोडलेल्या मोबाइलवर येणाऱ्या ओटीपीवरून ओळख पटवता येते. मोबाइल नंबर जोडलेला नसेल तर आधार केंद्रात जोडून घ्या, आणि बोटे बरी असताना, म्हणजे पावसाळ्यात कारखाना बंद असेल तेव्हा, ठसेही नव्याने देऊन या. सासूबाईंना दुकानापर्यंत न्यायचे कारण नाही, कार्डावरच्या कोणाही एकाची ओळख पटली की पुरे.

आणि यातले काहीच जमले नाही, तरी रिकाम्या पिशवीने परत येणे हे उत्तर नव्हे. आधार नाही किंवा बोट जुळले नाही एवढ्या कारणाने पात्र माणसाला धान्य नाकारू नये, अशी स्पष्ट सूचना केंद्र सरकारने २४ ऑक्टोबर २०१७ रोजी सर्व राज्यांना दिली आहे. ‘मशीन घेत नाही’ असे दुकानदाराने म्हटले, तर ‘मग नोंदवहीत तसे लिहून धान्य द्या, नाहीतर नकार लेखी द्या’ असे शांतपणे म्हणावे. लेखी द्यायची वेळ आली की बहुतेक वेळा वाट निघते.

पैशांविषयी. चंडीगड आणि पुदुच्चेरी येथे २०१५ मध्ये धान्याऐवजी रक्कम खात्यात जमा करणे सुरू झाले. आपल्या राज्यातही शिक्का नसलेल्या केशरी कार्डधारक शेतकऱ्यांना असे पैसे मिळतात, पण ते फक्त मराठवाडा, अमरावती विभाग आणि वर्धा मिळून १४ जिल्ह्यांत. रत्नागिरी, सिंधुदुर्ग, रायगड त्यांत नाहीत, त्यामुळे तुम्हाला धान्यच मिळणार. त्यातले गहू किती आणि तांदूळ किती, हे शासनाच्या नियतनावर, म्हणजे ठरवून दिलेल्या वाटपावर, ठरते. आपल्याकडे गहू कमी खाल्ला जातो म्हणून सगळा तांदूळच द्या, असे दुकानदाराला म्हणून उपयोग नाही. साखरेची तरतूद अंत्योदय कार्डांपुरती आहे. २०२२ च्या दिवाळीत १०० रुपयांत रवा, चणाडाळ, साखर आणि तेल असलेला ‘आनंदाचा शिधा’ मिळाला होता आणि पुढेही काही सणांना मिळाला, पण तो त्या त्या वेळच्या शासननिर्णयाने मिळाला, तो कायद्याने बांधलेला हक्क नाही. दुकानात साबण, चहापूड असा इतर माल विकायला ठेवलेला असतो. तो घेतलाच पाहिजे, तरच धान्य देऊ, अशी सक्ती कोणालाही करता येत नाही.

तुमच्यासारखेच प्रश्न दोडामार्ग-सावंतवाडीकडच्या वाचकांचेही येतात, कारण तिकडची मुले रोज म्हापसा-पणजीला कामाला जातात. गोवा या व्यवस्थेत आहे, त्यामुळे सिंधुदुर्गातल्या कार्डावर गोव्यातल्या रास्त भाव दुकानातून धान्य घेता येते. फक्त राज्याबाहेर अन्न सुरक्षा अधिनियमाचे धान्य तेवढे मिळते. महाराष्ट्राने सणाला दिलेला शिधा गोव्यात मिळणार नाही आणि गोव्याने आपल्या लोकांना दिलेले जादा काही आपल्याला मिळणार नाही.

राहिला तांदूळ. तो बाजारात देऊन उकडा घेऊ नका. रेशनचे धान्य विकणे किंवा बदलून घेणे हा जीवनावश्यक वस्तू अधिनियम, १९५५ खाली गुन्हा ठरू शकतो. घेणारा व्यापारी अडकतोच, पण तुमचे कार्डही धोक्यात येते. गावोगावी हे सर्रास चालते हे मला ठाऊक आहे आणि चुलीवर उकडा तांदूळच रटरटला पाहिजे ही कोकणातली ओढही ठाऊक आहे. तरीही सल्ला हाच.

‘प्लास्टिक’चे दाणे मीही एकदा सुपात वेगळे करून पाहिले आहेत. बाकीच्या दाण्यांहून ते किंचित पिवळट, गुळगुळीत दिसतात आणि पाण्यात टाकले की काही वर तरंगतात. ते तांदळाच्याच पिठात लोह, फॉलिक अॅसिड आणि बी-१२ जीवनसत्त्व मिसळून यंत्रावर दाण्याच्या आकारात पाडलेले असतात आणि साध्या तांदळाच्या साधारण शंभर दाण्यांत एक या प्रमाणात मिसळतात. मार्च २०२४ पर्यंत रेशनचा सगळा तांदूळ असाच करण्यात आला. मी वेगळे केलेले दाणे वाटीत कोमट पाण्यात तासभर ठेवले, तर ते फुगून बोटांत चुरले गेले. प्लास्टिक चुरले जात नाही. ते निवडून कोंबड्यांना टाकणे म्हणजे ज्यासाठी ते घातले तेच फेकणे झाले. भाताला हा तांदूळ तुम्हाला मोकळा, बेचव वाटत असेल, तर त्यातला निम्मा घावनांसाठी ठेवा. रात्रभर भिजवून वाटला की त्याची घावने जाळीदार होतात. गिरणीतून पीठ करून आणले तर भाकरीही होते, फक्त उकड काढताना पाणी नेहमीपेक्षा थोडे जास्त लागते.